पुरवणीकाका

सहलीला एकच गाईड असतो असं ज्यांना वाटतं, ते पुण्यात कधी सहलीला गेलेले नसावेत. पुण्यात दोन असतात. एक पैसे घेऊन बोलतो, दुसरा पैसे भरून बोलतो. पैसे घेणाऱ्याला मधूनच चहा लागतो, पाणी लागतं, मोबाइलमधली टिपणं चोरून बघावी लागतात. पैसे भरणाऱ्याला काहीही लागत नाही. समोर पहिला गाईड बोलत असला म्हणजे झालं.

आमच्या रविवारच्या हेरिटेज वॉकमधल्या या दुसऱ्या गाईडला सगळे पुरवणीकाका म्हणतात. खरं नाव हजेरीच्या यादीत असतं, पण ती यादी काकांशिवाय कुणी वाचत नाही. 'पुरवणी म्हणून सांगतो' ही त्यांची सुरुवात. परीक्षेत मूळ उत्तरपत्रिका भरली की मुलं पुरवणी मागतात. काकांची पुरवणी मूळ पेपरच्या आधीच सुटते.

काका लेखापरीक्षण खात्यातून निवृत्त झाले. म्हणजे खात्याने त्यांना निवृत्त केलं, त्यांनी खातं सोडलेलं नाही. पांढरा हाफ शर्ट, इस्त्रीची पँट, सँडलच्या आत मोजे, खांद्याला शबनम आणि डोक्यावर 'कानकुन' अशी अक्षरं असलेली हिरवी टोपी. शर्टाच्या खिशात दोन पेनं. निळं सहीसाठी. हिरवं तपासणीसाठी. वॉकच्या आधी संस्था एक छापील पत्रक देते, त्यात स्थळं, सनावळ्या, चार ओळींची माहिती. आम्ही त्याने वारा घेतो. काका त्यावर हिरव्या शाईने बरोबरच्या खुणा करत जातात, आणि जिथे खूण होत नाही तिथे थांबतात. ते थांबले की वॉक थांबतो. बाकीची माणसं वास्तू पाहायला येतात, काका तपासायला येतात.

परवाच्या वॉकची सुरुवात जंगली महाराज रस्त्यावरच्या पाताळेश्वरापासून होती. आमची गाईड पुरातत्त्व शिकलेली, पंचविशीच्या आतबाहेरची मुलगी. आवाज खणखणीत, ओढणी कमरेला खोचलेली. तिने सुरुवात छान केली. आठव्या शतकातलं, राष्ट्रकूटांच्या काळातलं हे लेणं. एका सलग कातळात वरून खाली कोरत नेलेलं. समोरचा नंदीमंडप गोल, आणि काम अर्धवट सुटलेलं. इथवर आली आणि श्वास घेतला. गाईडने श्वास घेतला की काका बोलतात.

"पुरवणी म्हणून सांगतो. राष्ट्रकूट राजा कृष्ण पहिला, त्याचे दोन ताम्रपट. एक ७५८चा, त्यात 'पुण्यविषय' असा उल्लेख. दुसरा ७६८चा, त्यात 'पूनकविषय'. म्हणजे पुण्याचा सगळ्यात जुना कागद जो आहे, तो कागद नाहीच. तांब्याचा पत्रा आहे."

हे खरं होतं आणि चांगलंही होतं. गाईड पुढे तांबट आळीत हेच सांगणार होती, ही त्यातली गोम. सकाळी साडेसातला काकांनी तिचा दुपारचा एक्का खेळून टाकला. तिने ओठ मिटले आणि नंदीमंडपाकडे बघत राहिली. तेवढ्या वेळात काका पाताळेश्वरातून थेट मेक्सिकोत पोचले.

मेक्सिकोचं असं आहे. काकांची मुलगी ह्यूस्टनला असते. ती एकदा आईवडिलांना कानकुनला घेऊन गेली आणि तिथून बसने एका दिवसाची गाईडसकट सहल झाली: चिचेन इत्झा. माया लोकांचं उद्ध्वस्त नगर, मग डुंबायला एक नैसर्गिक विहीर, जेवण, आणि शेवटी हस्तकलेचं दुकान. आमच्यातल्या प्रत्येकाला ही सहल तोंडपाठ आहे. नवे लोक आले की काका ती पुन्हा काढतात, जुने लोक तेवढ्यात बुटाची नाडी बांधतात.

तिथल्या मोठ्या पिरॅमिडला चार बाजूंनी पायऱ्या आहेत, प्रत्येक बाजूला ९१. ९१ चोक ३६४, आणि वरचा चौथरा धरून ३६५, वर्षाचे दिवस. तिथला गाईड हे सांगतो आणि माणसं 'वा' म्हणतात. काकांनी 'वा' म्हटलं नाही. २००६पासून वर चढायला बंदी आहे, म्हणून त्यांनी खाली उन्हात उभं राहून एका बाजूच्या पायऱ्या बोटाने मोजल्या. मोजणी जुळली. मग त्यांनी त्या मेक्सिकन माणसाला विचारलं, "लीप इयरची तरतूद कुठे आहे?"

गाईडने समजावलं, की मायांचं ते वर्ष सरळ ३६५ दिवसांचं, त्यात जादा दिवस घालायची पद्धत नव्हती. काका म्हणाले, मग चार वर्षांनी एक दिवस मागे पडणार, त्याचं काय? गाईडने पिरॅमिडसमोर उभं राहून टाळी वाजवली. तिथे टाळी वाजवली की पायऱ्यांवरून जो प्रतिध्वनी येतो, तो पक्ष्याच्या किलबिलीसारखा येतो, केत्साल नावाच्या पक्ष्यासारखा. सगळी बस टाळ्या वाजवायला लागली आणि लीप इयर त्या गडबडीत बुडालं. काकांच्या मते तो आक्षेप अजून प्रलंबित आहे.

माया कालगणनेवर काकांचा जुना राग आहे. २०१२च्या डिसेंबरात २१ तारखेला जग बुडणार म्हणून टीव्हीवर धुमाकूळ चालला होता, तेव्हा त्यांनी कागद घेऊन गुणाकार करून पाहिला. एक बाकतुन म्हणजे १,४४,००० दिवस, असे १३ पुरे होतात, एकूण १८,७२,००० दिवस. गुणाकार बरोबर निघाला म्हणून ते थोडे धास्तावले. बेरजा चुकणाऱ्या माणसांचं त्यांना कधीच भय वाटत नाही. बरोबर येणाऱ्यांचं वाटतं. काकूंनी त्या दिवशी शांतपणे वीजबिल भरून घेतलं, कारण मुदत त्याच तारखेची होती.

काकू प्रत्येक वॉकला असतात. बोलत नाहीत. कुठेही गेलं की सावलीतली पायरी हेरतात, पिशवीतून थर्मास काढतात, आणि त्या ठिकाणी जी बाई झाडत असेल, फुलं विकत असेल, तिच्याशी तिची चौकशी सुरू करतात. पाताळेश्वराच्या आवारात पुरवणी चालू असताना काकूंना झाडणाऱ्या बाईच्या मुलीचं बारावीचं वर्ष आणि गुडघ्याचं दुखणं एवढं सगळं कळलेलं होतं. चिचेन इत्झाला काय पाहिलं असं विचारलं तर त्या म्हणतात, "एक बाई कमरेला माग बांधून विणत होती. दुसरं टोक झाडाला. छान होतं." एवढंच.

तिथून चालत नवा पूल ओलांडला. या पुलाचं अधिकृत नाव शिवाजी पूल, त्याआधीचं लॉईड ब्रिज, बांधून झाला १९२३ साली. शंभरी उलटली तरी पुणेकरांच्या तोंडी तो नवाच आहे. गाईड हे सांगणार तेवढ्यात सिग्नल सुटला आणि आम्ही पळालो. काकांना पळता पळता पुरवणी देता आली नाही, हे त्या पुलाचं आजवरचं मोठं कार्य.

शनिवारवाड्याच्या दिल्ली दरवाज्यासमोर गाईडने पुन्हा उमेदीने सूर लावला. एका सशाने शिकारी कुत्र्यांचा पाठलाग केला, बाजीरावांनी ते पाहिलं आणि इथे वाडा बांधायचं ठरवलं, असं म्हणतात.

"कोण म्हणतं?" काका.

'असं म्हणतात' हे दोन शब्द ऐकले की काकांची मान आपोआप वर होते. आयुष्यभर ते 'असं म्हणतात'च्या मागे लागले. पूल बांधला असं म्हणतात, खडी टाकली असं म्हणतात, मजूर चाळीस होते असं म्हणतात. व्हाउचर दाखवा. आता सशाचं व्हाउचर कुठून आणायचं? गाईडने ससा सोडून दिला आणि खात्रीच्या जमिनीवर आली. पायाभरणी १० जानेवारी १७३०, वास्तुशांत २२ जानेवारी १७३२, खर्च १६,११० रुपये. दोन्ही दिवस शनिवार, म्हणून शनिवारवाडा.

काकांनी खर्चावर हिरवी खूण केली नाही. "यात जागेची किंमत धरली आहे का? आणि नंतरचे मजले, कारंजी, ते कुठल्या शीर्षाखाली?" मग त्यांनी टोपी काढून पुन्हा घातली. हे मोठ्या पुरवणीचं लक्षण आहे.

"कुणाच्या तरी मोबाइलमध्ये जुनं कॅलेंडर असेल. १० जानेवारी १७३०ला वार कोणता येतो बघा."

आयटीतला एक मुलगा बायकोसमोर काहीतरी करून दाखवायला केव्हाचा टपलेला होता. त्याने बघितलं. मंगळवार. पुन्हा बघितलं. मंगळवारच.

आमच्यात खळबळ माजली. एक आजी म्हणाल्या, मग आजवर आपण काय मंगळवारवाड्याला शनिवारवाडा म्हणतोय? काकांनी ती खळबळ पुरेशी उकळू दिली, चेहऱ्यावर रेषही हलू न देता, आणि मग उतरवली. ही इंग्रजी तारीख जुन्या ज्युलियन गणनेची. इंग्लंडने १७५२ साली ती सोडली आणि आजची ग्रेगोरियन धरली. १७३०मध्ये दोन्हींत अकरा दिवसांचं अंतर होतं. मोबाइल आजच्या गणनेने मागे जातो, म्हणून त्याला मंगळवार दिसतो. आजच्या हिशेबाने पाहायचं तर पायाभरणी २१ जानेवारी १७३०. त्या मुलाने २१ टाकून बघितलं. शनिवार.

मला हे अतिशय आवडलं, आणि मी ते काकांना सांगितलं नाही. सांगितलं असतं तर आम्ही अजून तिथेच असतो. त्यांचं माहिती देणं जेवढं त्रासाचं, तेवढीच ती माहिती पक्की असते, हाच खरा पेच आहे. चुकीचं बोलणाऱ्याला गप्प करता येतं. बरोबर बोलणाऱ्याचं काय करायचं?

गाईडने दरवाज्यावरचे खिळे दाखवले. एकेका दारावर ९ बाय ८ असे ७२. हत्तीने धडक मारू नये म्हणून. काका मोजायला दाराशी गेले आणि तिला पाच मिनिटं मिळाली. तेवढ्यात तिने १७७३चा गणेशोत्सव, गारदी, नारायणराव आणि राघोबा हे सगळं उरकलं. प्रसंग तिने फार छान उभा केला. शेवटचं 'काका, मला वाचवा' म्हणायची वेळ आली आणि नेमके पुरवणीकाका मोजणी संपवून तिच्यासमोर येऊन उभे राहिले. तिने त्यांच्याकडे बघत, हात जोडून, डोळ्यांत पाणी आणून ते वाक्य म्हटलं. एवढा जिवंत अभिनय मी नाट्यगृहात पाहिलेला नाही. सगळे हसले. काका हसले नाहीत. "७२ बरोबर आहेत," ते म्हणाले.

इथे एक जुनी गोष्ट सांगायला हवी. मध्ये काकांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं होतं, तेव्हाच्या वॉकला ते नव्हते. सगळे खुशीत आले होते. गाईड हीच. तिने पाताळेश्वर सांगितलं, श्वास घेतला आणि थांबली. कुणी काही बोललं नाही. ती पुढे गेली. दर सनावळीनंतर ती जरा थबकायची आणि डावीकडे बघायची, जिथे काका उभे राहतात. वॉक ठरलेल्या वेळेच्या तासभर आधी संपला आणि माणसं मिसळ खायला लवकर पोचली. मिसळ खाताना बोलायला कुणाकडे काही नव्हतं. एरवी आम्ही अर्धा वेळ काकांच्या नावाने बोटं मोडतो, त्यात वेळ बरा जातो.

असो. कसबा गणपतीला नमस्कार करून आम्ही तांबट आळीत शिरलो.

तांबट आळी दिसायच्या आधी ऐकू येते. ठण् ठण् ठण्, मग दुसऱ्या दुकानातून त्याला छेद देणारं ठण् ठण्. त्वष्टा कासार मंडळी पेशवाईत कोकणातून इथे आली आणि पिढ्यान्‌पिढ्या तांब्यावर हातोडा चालवत राहिली. बंब, घंगाळं, हंडे, कळश्या, तपेली. पुण्याच्या न्हाणीघरांत जे जे लाल चकाकायचं ते इथलं. स्टील आलं, मग गॅसचा गिझर आला, आणि बंबाची मागणी हॉटेलांच्या दारात शोभेला ठेवण्यापुरती उरली. आता डिझायनर लोक येतात आणि दिव्यांच्या हंड्या, थाळ्या, पेले असं काहीबाही करून घेतात. ठोका तोच आहे.

एका दुकानात पन्नाशीचा कारागीर मांडी घालून बसला होता. समोर जमिनीत रोवलेली लोखंडी ऐरण, तिच्या टोकावर पालथी चढवलेली कळशी. डाव्या हाताने तो कळशी केसभर फिरवायचा, उजव्या हाताने ठोका द्यायचा. पुन्हा केसभर, पुन्हा ठोका. एका ओळीत एकाला एक लागून खुणा उमटत होत्या, आणि एक ओळ पुरी झाली की तो दुसरीला लागायचा. याला मठारकाम म्हणतात. हातोड्याचं तोंड आरशासारखं घासलेलं, कारण त्यावर बारीकसा चरा असला तरी तोच प्रत्येक ठोक्याबरोबर तांब्यावर छापला जाणार. खुणा दिसायला सुंदर दिसतात, पण त्या शोभेपुरत्या नाहीत. ठोकून ठोकून पत्रा कडक होतो, म्हणून पातळ असूनही पोचे पडत नाहीत.

त्याच वेळी मागे भट्टीवर दुसरं भांडं लाल झालं होतं. पोऱ्याने ते चिमट्याने उचललं आणि पाण्यात सोडलं. चर्र आवाज झाला.

"पुरवणी म्हणून सांगतो," काका आमच्याकडे वळले. "तापवून पाण्यात बुडवलं की धातू कडक होतो. याला पाणी देणं म्हणतात."

कारागिराचा हात थांबला नाही. "मऊ होतो, काका."

"अं?"

"लोखंड कडक होतं. तांबं मऊ पडतं. ठोकून ठोकून आडमुठं झालं की तापवायचं, म्हणजे परत ऐकायला लागतं. मग परत ठोकायचं."

आळीतले सगळे ठोके थांबल्यासारखं मला वाटलं, थांबले नव्हते. आम्ही सगळे काकांच्या तोंडाकडे बघत होतो. काकांनी पुरावा मागितला. कारागिराने कोपऱ्यातल्या भंगारातून पत्र्याची एक पट्टी काढली आणि त्यांच्या हातात दिली. वाकेना. तीच पट्टी पोऱ्याने भट्टीत धरली, लाल केली, पाण्यात बुडवून परत आणून दिली. काकांनी दोन्ही टोकं धरली आणि ती त्यांच्या बोटांत ओल्या पापडासारखी दुमडली. त्यांनी ती उलगडली, पुन्हा दुमडली. मग शबनममधून पत्रक काढून, मागच्या कोऱ्या बाजूला हिरव्या शाईने काहीतरी लिहिलं आणि खाली सही केली. सही मात्र निळ्या पेनाने.

"मान्य," ते म्हणाले.

गाईडने आयुष्यातली सगळ्यात हुशार चाल त्या क्षणी खेळली. "काका," ती साळसूदपणे म्हणाली, "एका कळशीला किती ठोके लागत असतील हो? कुठेच आकडा मिळत नाही."

काकांनी कारागिराकडे पाहिलं. कारागीर म्हणाला, "आम्ही नाही मोजत."

"म्हणजे आजवर कुणीही मोजलेले नाहीत?" काकांच्या आवाजात जी दया होती, ती बेहिशेबी जगाविषयीची दया होती. त्यांनी दुकानातला स्टूल ओढला, पेन काढलं, आणि कळशीकडे डोळे लावून बसले. ओठ हलायला लागले. दर शंभर ठोक्यांना कागदावर एक उभी रेघ, पाचवी आडवी.

आम्ही चवड्यांवर तिथून निघालो.

पुढचा पाऊण तास गाईड जे बोलली ते बोलणं मी विसरणार नाही. कागदीपुऱ्यात उभं राहून तिने सांगितलं, की इथे एकेकाळी हाताने कागद व्हायचा, आता नावच तेवढं उरलंय; पुढे १९४० साली हातकागदाची संस्था शिवाजीनगरला उभी राहिली ती गांधीजींच्या प्रेरणेने. दफ्तरांत रुमालात बांधलेल्या मोडी कागदांविषयी ती बोलली, भारत इतिहास संशोधक मंडळात मोडी शिकतानाची गंमत सांगितली. मंडळाची स्थापना १९१०ची, तेही सांगितलं, आणि सांगून थबकली नाही. कुंभारवाड्यात बहुतेक चाकं आता मुंढव्याच्या केशवनगरला गेल्याचं दाखवलं. दोनदा ती 'असं म्हणतात' म्हणाली, आणि दोन्ही वेळा तिच्या चेहऱ्यावर चोरून चिंच खाणाऱ्या मुलीचा आनंद होता.

परत आलो तेव्हा काका स्टुलावर होते, पण मोजत नव्हते. काकू त्यांच्या शेजारी बसल्या होत्या, आणि मधल्या वेळात बोलणं भलत्याच ठिकाणी पोचलेलं होतं. दुकानाच्या माळ्यावर एक जुना बंब होता, पितळी तोटीचा, मधल्या नळीत राख अजून अडकलेली. कुणीतरी मोडीत दिलेला, कारागिराने न मोडता ठेवलेला. काका त्या बंबावरून वाडासंस्कृतीच्या ऱ्हासावर आलेले होते. लोकांना किंमत नाही, असं त्यांचं म्हणणं. दारातला चौक गेला, तुळशीवृंदावन गेलं, माजघर गेलं, आणि आपण गप्प बसलो.

"आपला पण असाच होता ना," काकू म्हणाल्या.

काका म्हणाले, "काय?"

"बंब. गिझर बसवला तेव्हा तुम्ही नाही का वजनावर देऊन आलात? घंगाळही दिलंत सोबत. आणि वाडा दिला तेव्हा दिंडी दरवाजा."

कारागीर हसला, पण सभ्यपणे, कळशीत तोंड घालून. वाडा देणारे आणि बंब देणारे याच गल्लीतून गेलेले असतात, त्याला ते नवीन नाही. काका वाड्याच्या जागी झालेल्या इमारतीतला फ्लॅट मुलाला देऊन स्वतः कोथरूडला राहतात, हे आम्हाला माहीत होतं. त्यांनी ते कधी पुरवणीत घातलं नव्हतं. दुसरा कुणी असता तर विषय बदलता. काकांनी खाकरून सांगितलं, "मोडीचा भाव त्या दिवशी बरा होता. पावती आहे माझ्याकडे." आणि खरंच असणार. घरातलं तांबं गेलं तरी त्याचा कागद गेलेला नसणार, याविषयी माझ्या मनात शंका नाही.

"किती झाले ठोके?" आयटीवाल्या मुलाने विचारलं.

"हिने मध्ये बोलवलं," काका म्हणाले. "दोन हजार सहाशेपर्यंत पक्के आहेत. पुढचे ग्राह्य धरू नका."

शेवटचं ठिकाण बुरूड आळी. उन्हं चढली होती, गाईडचा घसा बसला होता, तिने थोडक्यात आटोपलं. बांबू उभा चिरायचा, त्याच्या पट्ट्या काढायच्या, त्या भिजवून विणायच्या. सुपं, रोवळ्या, परड्या, टोपल्या, हारे. तिथे मात्र वॉक काकूंच्या ताब्यात गेला. त्यांनी ओळीने सुपं उचलली, प्रत्येकाच्या कडेवरून अंगठा फिरवला, एक पालथं करून टिचकी मारली, आणि विणणाऱ्या बाईला म्हणाल्या, "याची कड सुटणार गं पावसात." बाईने दुसरं सूप काढून दिलं, जे तिने मागे ठेवलेलं होतं. काकूंनी मान डोलावली. दोघींच्यात चार वाक्यंही झाली नसतील. सुपाबरोबर नातवाच्या खेळण्यांसाठी एक मोठा हारा घेतला. काकांनी पावती मागितली. बाई काकूंकडे बघून हसली, काकूंनी हारा काकांच्या हातात दिला, आणि प्रश्न मिटला.

कोथरूडला जाणाऱ्या बसमध्ये मी त्यांच्या मागच्याच सीटवर होतो. हारा पायांत मावेना, मांडीवर घेतला तर काका दिसेनात. कंडक्टर आला.

"काका, लगेज काढावं लागंल ह्याचं."

हाऱ्याच्या मागून आवाज आला. "हा रिकामा आहे. लगेज म्हणजे सामान. यात सामान नाही. ही फक्त सामानाची शक्यता आहे."

"जागा तर खातोय ना?"

"नियमात जागा म्हटलंय की वजन? नियम दाखवा."

कंडक्टरने सगळ्या बसकडे बघून एक उसासा टाकला. पुण्यात नोकरी करणाऱ्या कंडक्टरांचा तो उसासा असतो. काकूंनी मांडीवरचं सूप उचलून हाऱ्यात ठेवलं, वर थर्मास ठेवला, त्यावर आपली पर्स, काकांची शबनम, आणि शेवटी काकांच्या डोक्यावरची कानकुनची टोपी काढून ठेवली.

"आता आहे सामान," त्या कंडक्टरला म्हणाल्या. "द्या तिकीट."

त्याने यंत्रातून तिकीट फाडून दिलं आणि पुढे सटकला. काकांनी ते खिडकीकडे उजेडात धरलं, मनगटावरच्या घड्याळाशी ताडून पाहिलं. तिकिटावरची वेळ तीन मिनिटं पुढे होती. त्यांनी हिरवं पेन काढलं आणि कंडक्टर परत मागे येण्याची वाट बघत बसले.